चर्चा: भुताखेतांच्या मालिका लिहून लेखक वाया जातो का?

धरमपेठकर
आमच्या नाट्यमंडळातल्या एका मुलीला मुंबईहून भयमालिकेच्या लेखनाचं काम आलंय. नागपुरातले जाणते लगेच सांगायला लागले, "शिक्का बसेल, जाऊ नको." मला हे अजिबात पटत नाही. अमेरिकेतला मालिकालेखक व्हिन्स गिलिगन घ्या. 'द एक्स-फाइल्स' या भुताखेतांच्या, गूढ घटनांच्या मालिकेत त्याची पहिली कथा १९९५ची, आणि पुढे कित्येक वर्षं तो तिथेच लिहीत होता. १९९८चा त्याचा 'ड्राइव्ह' हा भाग जरूर बघा. पश्चिमेकडे धावणारी गाडी थांबली की एका माणसाच्या डोक्यातली कळ वाढत जाते, मरेपर्यंत. मालिकेचा नायक मल्डर गाडी हाकतोय आणि हा मागे बसून ज्यूंना शिव्या घालतोय. इतका नकोसा माणूस, तरी त्याच्यासाठी जीव तुटतो! ती भूमिका ब्रायन क्रॅन्स्टन या नटाची. पुढे गिलिगननं स्वतःची 'ब्रेकिंग बॅड' ही मालिका काढली, तेव्हा नायक म्हणून त्याला क्रॅन्स्टनच हवा होता, पण वाहिनीवाल्यांना क्रॅन्स्टन म्हणजे विनोदी मालिकेतला बाप एवढंच ठाऊक होतं. गिलिगननं त्यांना हाच भाग दाखवला. वाईट माणसाबद्दल कणव वाटायला लावणं तो भुताखेतांच्या मालिकेतच शिकला, असं माझं ठाम मत आहे.

महालकर
काय बोलून राहिले भाऊ? तिकडे वर्षाला वीस-पंचवीस भाग, त्यातले बरेचसे स्वतंत्र गोष्टीचे. इथे आठवड्याला सहा. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. पोरीच्या वाट्याला संवाद येतील, तेही शूटिंगच्या आदल्या रात्री. टीआरपी पडला की मेलेलं पात्र उठून बसणार. यात ती शिकणार काय?

वैदर्भी
शिक्क्याची भीती तरी सोडा. रत्नाकर मतकरींनी गूढकथा लिहिल्या, बालनाट्यं लिहिली, 'आरण्यक' हे नाटकही लिहिलं. त्यांना कुणी एका खणात कोंबलं नाही.

महालकर
ताई, मतकरी कित्येक वर्षं बँकेत नोकरीला होते. महिन्याचा पगार असला की न पटलेल्या कामाला नाही म्हणता येतं. मुंबईत भाड्याची खोली घेऊन राहणाऱ्या पोरीनं कुणाला नाही म्हणायचं?

धरमपेठकर
पैशाचं म्हणणं मान्य. पण ही मुलगी पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या नाटकांसाठी लिहिते. तिथे नाटक रात्रभर चालतं, आणि पहाटेचा प्रवेश ढिला पडला की लोक घोंगड्या झटकून उठतात. तो धाक तिच्या हातात मुरलाय. 'रात्रीस खेळ चाले'नं २०१६त कोकणातलं घर आणि मालवणी बोली घरोघरी नेली. आपल्या रानातला चकवा वऱ्हाडीत, झाडीबोलीत लिहायला हिच्याहून योग्य कोण आहे?

वैदर्भी
लिहू देतील तर ना! बोली चार वाक्यांपुरती घेतात, तीही नोकराच्या तोंडी. याचा मला फार राग येतो.

महालकर
म्हणूनच सांगतो, करारात आणि श्रेयनामावलीत कथा कुणाच्या नावावर आहे, ते तिनं आधी वाचावं. कथा तिची असेल तर खुशाल जावं, मी स्टेशनवर पोचवायला येईन. नुसते संवाद असतील तर माझं उत्तर नाहीच.

धरमपेठकर
आणि मी तरीही जा म्हणेन. गिलिगनलाही पहिल्या दिवशी कुणी स्वतःची मालिका दिली नव्हती.