इमिग्रेशन कायद्याचा प्राध्यापक नेमकं काय करतो? ह्यूस्टनकरांनो, सांगाल का?

कॅटीकर:
नमस्कार मंडळी. ह्यूस्टनजवळ कॅटीला आम्ही अकरा वर्षं आहोत, ग्रीन कार्डाच्या रांगेत. लेक यंदा बारावीला. कॉम्प्युटर सायन्सच करणार असं आम्ही धरूनच चाललो होतो. परवा जेवताना म्हणाली, "बाबा, मला इमिग्रेशन लॉ शिकायचाय आणि पुढे शिकवायचाय. ह्यूस्टन विद्यापीठातले ते प्राध्यापक मायकेल ओलिवास होते ना, त्यांच्यासारखं." आमच्या घराण्यात वकील नाही. आमच्यासाठी वकील म्हणजे एच-वन, म्हणजे नोकरीचा व्हिसा, वाढवायच्या वेळी कागद मागणारा माणूस. प्राध्यापकी करून कोणाचं काही भलं होतं, की फक्त पेपर लिहायचे? मला खरंच समजून घ्यायचंय.

मीनल, शुगरलँड:
दादा, मी त्यांच्या वर्गात कधी बसले नाही. पण बारा वर्षं इथल्या एका वकिलाकडे पॅरालीगल, म्हणजे वकिलाची मदतनीस, आहे, आणि माझ्या मुलाचं कॉलेज ज्या कायद्यामुळे निभावलं, त्याच्या मसुद्यात ओलिवास सरांचा हात होता. म्हणून जरा सविस्तर लिहिते.

न्यू मेक्सिकोचा माणूस, दहा भावंडांत थोरला. आधी ओहायोतल्या धर्मगुरूंच्या विद्यालयात पदवी, मग उच्च शिक्षण या विषयात पीएचडी, आणि शेवटी जॉर्जटाउनची कायद्याची पदवी. 1982 मध्ये ह्यूस्टन विद्यापीठात शिकवायला आले, आणि पुढे कित्येक वर्षं इथेच शिकवलं.

त्याच वर्षी 15 जूनला सुप्रीम कोर्टाचा 'प्लायलर' निकाल लागला. टेक्ससने 1975 मध्ये कायदा केला होता, की अमेरिकेत राहायची कागदपत्रं नसलेल्या मुलांसाठी शाळांना सरकारी पैसा मिळणार नाही. मग टायलर गावच्या शाळांनी अशा प्रत्येक मुलामागे वर्षाला 1000 डॉलर मागायला सुरुवात केली. चार घरं कोर्टात गेली. कोणाच्या नजरेत येऊ नये म्हणून न्यायाधीशांनी पहाटे सहाला सुनावणी ठेवली. तिथूनच उचलून देशाबाहेर पाठवतील या भीतीने आईबाप गाडीत सामान भरून आले होते. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुढचं पान उलटवेना. पाच विरुद्ध चार मतांनी मुलं जिंकली.

पण हा निकाल बारावीपर्यंतच पोचतो. पुढे काय, हा प्रश्न ओलिवास सरांनी आयुष्यभर सोडला नाही. 2001 मध्ये टेक्ससने देशात सगळ्यात आधी कायदा केला: इथे तीन वर्षं राहून हायस्कूल पूर्ण केलं, तर सरकारी कॉलेजात राज्यातल्या मुलांची कमी फी. व्हिसा कोणता, कागदपत्रं आहेत की नाहीत, याला तेव्हा महत्त्व नव्हतं. माझा मुलगा एकवीसचा झाला, आईवडिलांमुळे मिळालेला एच-फोर व्हिसा संपला, एफ-वन या विद्यार्थी व्हिसावर गेला. तरी फी टेक्ससच्या मुलाचीच राहिली. नोटरीसमोर शपथपत्रावर सही करताना त्याचा हात थरथरत होता, तो अजून डोळ्यांसमोर आहे.

आणि पेपर लिहायचे म्हणाल तर, तेही किती उपयोगी! सर दरवर्षी एक यादी काढायचे: ज्या भागात लॅटिनो वस्ती भरपूर, पण लॉ स्कूलमध्ये एकही लॅटिनो प्राध्यापक नाही, अशा संस्थांची. नाव यादीत आलं की डीनना उत्तर द्यावं लागे. 1954 च्या 'हर्नांडेझ' खटल्यावर त्यांनी पुस्तक संपादित केलं. एडना गावच्या कोर्टात पंचवीस वर्षांत ज्युरीत, म्हणजे निकाल देणाऱ्या नागरिकांच्या मंडळात, एकही मेक्सिकन वंशाचा माणूस नव्हता, आणि तिथल्या एका स्वच्छतागृहावर पाटी होती, 'कलर्ड मेन' आणि त्याखाली स्पॅनिशमध्ये 'पुरुष इथे'. पुस्तकाचं नावच त्या पाटीवरून आहे.

एप्रिल 2022 मध्ये ते गेले.

सातारचा वकील:
मीनलताई, एक शंका. 4 जून 2025 ला तोच 2001 चा कायदा कागदपत्रं नसलेल्या मुलांपुरता बंद झाला ना? केंद्र सरकारने दावा लावला, टेक्सस सरकारने त्याच दिवशी मान्य केलं, न्यायाधीशांची सहीही त्याच दिवशी. चोवीस वर्षांचं काम काही तासांत गेलं. अशा कामात मुलीने आयुष्य घालावं का? मी नाउमेद करत नाही, कॅटीकर साहेब. पण बापाला हे माहीत असावं.

मीनल, शुगरलँड:
वकील साहेब, खरं आहे. त्या संध्याकाळी मी ऑफिसातून उशिरा निघाले, फोन थांबतच नव्हते. एका मुलीची शेवटची दोन सेमिस्टर्स उरली होती, नर्सिंगची. तिच्या आईला काय सांगायचं हे मला सुचलं नाही. पण त्या चोवीस वर्षांत जी मुलं शिकून बाहेर पडली, त्यांची पदवी कोणी परत घेऊ शकत नाही.

दादा, लेकीला सांगा: लॉ स्कूल निवडताना क्लिनिक आहे का ते बघ. तिथे प्राध्यापकांच्या देखरेखीखाली विद्यार्थीच आश्रयाचे खरे खटले चालवतात. पदवी कशातही चालते, इतिहास घेतला तरी. आणि स्पॅनिश आतापासून शिक.

कॅटीकर:
ताई, तुमचं सगळं तिला वाचून दाखवलं. पहाटे सहाच्या सुनावणीपाशी ती रडली, आणि मीही. आमची ग्रीन कार्डाची तारीख यायच्या आधी ती एकवीसची होणार, म्हणजे आमच्या अर्जातून बाहेर पडणार, हे तिला कधीपासून ठाऊक आहे, मला वाटलं होतं आपण लपवलंय. स्पॅनिशचं विचारलं, तर म्हणे दोन वर्षं शाळेत घेतेच आहे, बाबा. तुमच्या ऑफिसात उन्हाळ्यात फायली लावायला कोणी लागतं का?