झेडपी शाळांना आधी काय हवं: लिपिक, समूह शाळा की कमी कागद?

पाटीपेन्सिल

जिल्हा परिषदेच्या पहिली ते पाचवीच्या शाळेवर शिकवते. पट 61, शिक्षक तिघे. मुख्याध्यापकाचं पद 150 पटाच्या पुढे मिळतं, म्हणून चार्ज माझ्याकडे, आणि पहिली-दुसरीही माझ्याकडेच.

मागचा मंगळवार सांगते. पहिलीची मुलं काड्यांचे दहा-दहाचे गठ्ठे बांधायला नुकती शिकली होती. तेवढ्यात तालुक्याहून फोन आला, बारापर्यंत अमुक माहिती फोटोसह पाठवा. शाळेत रेंज नाही, मारुतीच्या पारापर्यंत जावं लागतं. एक सर बीएलओच्या म्हणजे मतदार यादीच्या कामाला तहसीलवर, दुसऱ्या मॅडम तिसरी ते पाचवी एकट्या सांभाळत होत्या. मी परत आले तेव्हा काड्या वर्गभर विखुरलेल्या, आणि दहाच्या पुढचं सगळं पुन्हा पहिल्यापासून घ्यावं लागलं.

याच आठवड्यात दुसरीतल्या एका मुलीचं आधार 'इनव्हॅलिड' दाखवतंय. दाखल्यावरचं आणि कार्डावरचं नाव जुळत नाही. शिक्षण हक्क कायद्याच्या कोष्टकात 60 पटापर्यंत दोन शिक्षक, 61 ते 90 ला तीन. पटावरून शिक्षकांची पदं ठरवतात त्या संचमान्यतेला आधार व्हॅलिड पटच धरतात. ही मुलगी रोज माझ्यासमोर पहिल्या रांगेत बसते, पण ती मोजली गेली नाही तर आमचे एक सर अतिरिक्त ठरतील.

माझं म्हणणं एवढंच, की दर केंद्राला, म्हणजे आसपासच्या शाळांच्या गटाला, एक लिपिक द्या. माध्यमिक शाळेत लिपिक असतो, शिपाई असतो. आमच्या प्राथमिक शाळेत पोषण आहाराच्या तांदळाच्या नोंदीपासून यू-डायसपर्यंत (शाळांची सरकारी ऑनलाइन माहिती) सगळं शिक्षकच करतो. राज्यात केंद्रप्रमुखांची मंजूर पदं 4,860, एका केंद्रात साधारण दहा शाळा. प्रत्येक शाळेतल्या एका शिक्षकाचे रोजचे दोन तास वाचले तरी केंद्रात वीस तास शिकवणं वाढेल. एका पगारात यापेक्षा जास्त काय मिळणार?

सह्यकडा

मॅडम, तुमची दमछाक खरी आहे. उपायाशी मात्र मी सहमत नाही. खात्यात 31 वर्षं काढली, शेवटची नऊ विस्तार अधिकारी म्हणून. लिपिक आला की कागद वाढतात, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. पंचायत समितीत संगणक आले तेव्हा सगळे म्हणाले, आता काम हलकं होईल. झालं उलटं. आधी महिन्याला मागायची ती माहिती आठवड्याला मागायला लागलो, कारण आता मागणं सोपं झालं होतं.

यू-डायसमध्ये पट आहे, वर्गखोल्या आहेत, शौचालयं आहेत. तरी वरून फोन आला की आम्ही शाळांच्या ग्रुपवर मेसेज टाकायचो, 'आजच, निरंक असल्यास निरंक कळवा'. मीही असे शेकडो मेसेज पाठवले. उघडून बघितलं असतं तर निम्मी माहिती माझ्याच टेबलावर होती. त्याचा मला आज पश्चात्ताप होतो, म्हणून इथे लिहितोय.

शिक्षण हक्क कायद्याचं कलम 27 स्पष्ट आहे. दशवार्षिक जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणूक एवढंच शिक्षकाला देता येतं. जानेवारी 2024 मध्ये मागासवर्ग आयोगाचं सर्वेक्षण आलं, त्यालाही शिक्षकच घराघरांत फिरले. अशी कामं तुमच्या लिपिकाने थांबणार नाहीत. एकदा दिलेली माहिती पुन्हा मागायची नाही, असा लेखी आदेश हवा आणि तो मोडणाऱ्यावर कारवाई हवी. लिपिक मागणं म्हणजे हा पसारा कायमचा मान्य करणं.

उभा_आडवा

दोघंही मूळ प्रश्नाला बगल देताय. 2023 मध्ये शासनाने 20 पेक्षा कमी पटाच्या शाळांचा आकडा दिला होता: शाळा 14,783, विद्यार्थी 1,85,467, शिक्षक 29,707. भागाकार करा. एका शिक्षकामागे सहा मुलं. आणि शहरालगतच्या ज्या झेडपी शाळेत माझा मुलगा जातो, तिथे एका वर्गात 58 मुलं कोंबलेली आहेत. शिक्षक आहेत, पण जिथे मुलं आहेत तिथे नाहीत.

जवळपासच्या छोट्या शाळा एकत्र करून पानशेत, तोरणमाळसारख्या समूह शाळा करा. पट 150 च्या पुढे गेला की पूर्णवेळ मुख्याध्यापक मिळेल. वर्गाला एक शिक्षक मिळेल. कारकुनी वाटून घ्यायला माणसं असतील. चार मुलांच्या वर्गात स्पर्धा नाही, खेळायला दोन संघ होत नाहीत. त्या मुलांवरही हा अन्यायच आहे.

ओढ्यापलीकडे

उभा_आडवा, भागाकार बरोबर आहे, पण आमची वाडी त्या भागाकारात दिसत नाही. शाळेत 11 मुलं. पुढची शाळा साडेतीन किलोमीटर, मध्ये ओढा. पावसाळ्यात दोन-दोन दिवस उतार मिळत नाही. पहिली ते पाचवीसाठी एक किलोमीटरच्या आत शाळा, हा नियम कुणीतरी विचार करूनच लिहिला असेल ना?

गाडी देऊ म्हणतात. पाचवीनंतर आमच्या मुली मोठ्या गावच्या शाळेत जातात, त्यांचा अनुभव सांगतो. ड्रायव्हरचा पगार थकला की गाडी बंद. मुलगे चालत जातात, मुली घरी राहतात. माझ्या चुलत बहिणीची मुलगी अशीच सहावीत घरी बसली. गणित चांगलं होतं तिचं.

आणि सहा मुलांमागे एक शिक्षक म्हणून आम्हाला चैनीत असल्यासारखं बघू नका. दोन शिक्षकांत पाच इयत्ता चालतात. त्यातलाही एक काढून तिथे 15 हजार मानधनावर कंत्राटी माणूस द्यायचा निर्णय 5 सप्टेंबर 2024 ला आला होता. त्याविरुद्ध 25 तारखेला शिक्षक सामूहिक रजेवर गेले, तेव्हा शाळेला कुलूप होतं आणि तरी आम्ही पालक त्यांच्या बाजूने होतो.

उभा_आडवा

ओढा असलेली वाडी वगळा, माझी हरकत नाही. डोंगराळ भागाला वेगळा निकष असावाच. पण डांबरी रस्त्यावर दीड किलोमीटरच्या अंतरात तीन-तीन शाळा आहेत, त्यांचं काय? त्या केवळ भावनेपोटी चालवायच्या का? 58 मुलांच्या वर्गातली मुलंही गरिबांचीच आहेत. त्यांच्यासाठी भांडणारं कुणी दिसत नाही म्हणून मी भांडतोय.

रोजंदार

मी शिकलेला नाही फारसा. मुलगा चौथीत आहे, त्याला धडा वाचता येत नाही. कधी सर प्रशिक्षणाला, कधी मीटिंगला, कधी मतदार यादीला. विचारलं की सर ऑर्डर दाखवतात. ऑर्डर खरी असते, सरांशी भांडण नाही. पण माझ्या पोराचं वर्ष गेलं ते कोण भरून देणार? लिपिक द्या नाहीतर कागद कमी करा, ते तुमचं तुम्ही ठरवा. सर वर्गात पाहिजेत.

पाटीपेन्सिल

रोजंदार दादा, तुमचं वाचून बराच वेळ काही लिहिता आलं नाही. माझ्या पहिलीच्या पालकांनी मला हेच विचारलं तर माझ्याकडेही ऑर्डरच आहे दाखवायला.

सह्यकडा सर, कागद आधी कमी करा हे मान्य. पण तसे आदेश माझ्या नोकरीत तीनदा आले आणि तीनही वेळा पुढच्याच महिन्यात माहिती भरायची नवी लिंक आली. तोवर मुलांनी थांबायचं का? लिपिकाने पसारा वाढेल ही तुमची भीती मी खोटी म्हणत नाही. तरी तो पसारा वर्गाबाहेर तरी असेल. आज तो माझ्या फळ्यापाशी आहे.

समूह शाळेवर बोलत नाही, आमच्या पटाला ते लागू नाही. रस्त्यावरच्या आणि ओढ्यापलीकडच्या शाळा एकाच यादीत घालू नयेत, एवढं नक्की वाटतं.

त्या मुलीचं सांगायचं राहिलं. तिची आई दिवसाची मजुरी बुडवून तिला तालुक्याला घेऊन गेली. बोटांचे ठसेच उमटले नाहीत, पुन्हा यायला सांगितलं. पुढच्या खेपेला मी सोबत जाणार आहे. त्या दिवशी पहिली-दुसरीही आमच्या दुसऱ्या मॅडमकडेच असेल, पाचही इयत्ता.