मदत हवी आहे: पीट पॉसलथ्वेटचं काम कोणत्या क्रमाने पाहावं?

'द यूझवल सस्पेक्ट्स'मधला वकील कोबायाशी पाहिल्यापासून या नटाचं आणखी काम पाहायचं आहे. पीट पॉसलथ्वेट (१९४६–२०११), इंग्लंडमधल्या वॉरिंग्टनचा. रंगभूमी, टीव्ही, हॉलिवूड अशी लांबलचक यादी आहे आणि हाताशी फक्त तीन रविवार. नुसते गाजलेले सिनेमे नकोत, नट कळायला हवा. टीव्हीवरचं काय बघू? उच्चार कळत नाहीत, त्याला काय उपाय?

रानवारा:
पहिल्या रविवारी दोन बाप पाहा, आणि याच क्रमाने. आधी 'डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्हज' (१९८८, साधारण ८५ मिनिटं). लिव्हरपूलच्या घरातला मारकुटा बाप. गोष्ट सरळ रेषेत जात नाही. सुरुवातीच्या लग्नात बाप दिसत नाही, कारण तो वारलेला आहे. पुढे तो आठवणींतून येतो. इथेच बरेचजण गोंधळून सिनेमा सोडतात, तेवढं सांभाळा.

मग खऱ्या घटनेवर बेतलेला 'इन द नेम ऑफ द फादर' (१९९३). निरपराध असून तुरुंगात खितपत पडलेला आजारी जुझेप्पे कॉनलन. मुलगा झालेला डॅनियल डे-लुईस त्याच्यापेक्षा जेमतेम ११ वर्षांनी लहान! तरी क्षणभरही शंका येत नाही. श्वास, खोकला, संथ चाल, सगळं म्हातारपण त्यातून उभं राहतं. सहायक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन याच भूमिकेचं. फक्त बापलेक एका कोठडीत होते हे खरं धरू नका, तो सिनेमाचा बदल आहे.

मेघना_क:
दुसरा रविवार टीव्हीसाठी: नेपोलियनच्या काळातल्या ब्रिटिश सैनिकाची 'शार्प' मालिका, पण सगळी नको. 'शार्प्स कंपनी' आणि 'शार्प्स एनिमी' (दोन्ही १९९४) एवढे दोनच भाग, याच क्रमाने. सार्जंट हेक्सविल म्हणजे निव्वळ विखार. टोपीत आईचं चित्र ठेवून तिच्याशी बोलतो, ते बघताना अंगावर काटा येतो. मूळ कादंबऱ्यांत हाच हेक्सविल १८०३च्या लढायांत आपल्या असईला आणि गाविलगडावरही आहे. पण म्हणून मालिकेच्या भारतातल्या भागांत त्याला शोधायला जाऊ नका. टीव्हीवर तो त्याआधीच संपलेला असतो.

रानवारा:
तिसरा रविवार 'ब्रास्ड ऑफ'ला (१९९६). यॉर्कशायरची खाण बंद पडतेय, आणि कोळशाच्या धुळीने फुप्फुसं खलास झालेला डॅनी, म्हणजे खाणकामगारांच्या ब्रास बँडचा प्रमुख, बँड सोडत नाही. रात्री इस्पितळाबाहेर वादक हेल्मेटचे दिवे लावून त्याच्यासाठी वाजवतात, त्या प्रसंगात त्याचा चेहरा बघा. बोलणं जवळपास नाहीच. यॉर्कशायरी बोली पहिली पंधरा मिनिटं कानाला जड जाते. इंग्रजी सबटायटल्स लावा, त्यांतलीही कर्णबधिरांसाठीची निवडा. त्यात शब्द सहसा गाळत नाहीत.

वेळ उरला तर 'इन्सेप्शन' (२०१०). अंथरुणाला खिळलेला मॉरिस फिशर, मोजके क्षण. मुलाचा अख्खा सल त्या खाटेपाशीच आहे.