मदत हवी आहे: फोटोचं जुनं सॉफ्टवेअर कुठं मिळंल? अर्जंट

औसेकर: जुन्या कॉम्प्युटरवर फोटोचं ते सॉफ्टवेअर परत टाकायचंय. कंपनीच्या साइटवर नाही. एका भलत्याच साइटवरून उतरवलं तर तीन टूलबार आले, ब्राउझरचं पहिलं पान बदललं, सॉफ्टवेअर आलंच नाही. रविवारच्या आत पाहिजे. फक्त लिंक द्या.

गोदाकाठ: ‘ते’ म्हणजे कोणतं? विंडोज कोणती, रॅम किती?

औसेकर: पिकासा हो, दुसरं कोणतं! विंडोज ७, २ जीबी.

परभणीचा_पाहुणा: पिकासा गूगलनं २०१६ च्या मार्चमध्येच सोडून दिलं. सगळं गूगल फोटोजवर चढवा अन् मोकळे व्हा.

औसेकर: ४० हजार फोटो हायत. तिथं फुकटात १५ जीबी, त्यातच जीमेल. अन् आमच्याकडचं नेट तुम्हाला माहीत नाही.

पेंग्विनभक्त: विंडोज ७ चे अपडेट २०२० च्या जानेवारीतच थांबले. विंडोजऐवजी लिनक्स टाका, वर फोटोसाठी डिजिकॅम. फुकट आहे, चेहरे पण ओळखतं.

गोदाकाठ: २ जीबीवर? पोळ्याला लावलं तर संक्रांतीला उठंल. माणसानं लिंक मागितलीय, धर्म बदलायला नाही आला.

पेंग्विनभक्त: मी स्वतः २ जीबीवरच चालवतो.

गोदाकाठ: किती फोटो?

पेंग्विनभक्त: सहाशे. पण प्रश्न तो नाही.

बीडची_सून: विषय निघालाच आहे तर, लातुरात लग्नाला चांगला फोटोग्राफर कोण?

निवृत्त_गुरुजी: औसेकर, ‘परत’ टाकायचंय म्हणजे आधीचं गेलं कसं?

औसेकर: गेलं नाही अजून. उघडलं की बंद पडतंय. दुकानदार म्हणतो रविवारी फॉरमॅट मारू, डी ड्राइव्हवरच्या फोटोला काही होत नाही. नंतर टाकायला सेटअप असावा म्हणून विचारायलोय. वडलांनी ९३ च्या भूकंपाआधीचे गावाकडचे फोटो स्कॅन करून एकेका चेहऱ्याला नाव घातलंय. आता त्यांना दिसत नाही.

निवृत्त_गुरुजी: अहो, हे आधी सांगायचं! फॉरमॅट थांबवा, त्यात सी ड्राइव्ह पुसला जातो. फोटो डीवर असले तरी पिकासाचा डेटाबेस, म्हणजे तुम्ही घातलेली नावं, सीवर असतो: यूजर्स, तुमचं नाव, ॲपडेटा, लोकल, गूगल. ॲपडेटा लपलेला असतो, हिडन फाइल्स दाखवायचं चालू करा. आतले ‘पिकासा२’ आणि ‘पिकासा२अल्बम्स’ दोन्ही फोल्डर बाहेर काढून ठेवा. फोटोंच्या फोल्डरमध्येही पिकासाची आयएनआय फाइल लपलेली असते, चेहऱ्यांच्या चौकटी अन् दुरुस्त्या तिच्यात. फोटो हलवताना ती मागं राहू देऊ नका. ड्राइव्हचं अक्षरही डीच ठेवा.

सेटअपसाठी वेबॅक मशीनमध्ये (जुन्या वेबसाइटच्या प्रती जपून ठेवणारी साइट) गूगलच्याच जुन्या पत्त्यावरची ३.९ ची प्रत शोधा. उतरवली की लगेच चालवू नका. राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर्स. तिथं गूगलची सही नसली तर फाइल डिलीट. सही असली तरी एकदा व्हायरसटोटलवर (फाइलीत व्हायरस आहे का ते तपासणारी साइट) टाकून बघा.

पेंग्विनभक्त: सही जुनी असली तर काय भरवसा?

गोदाकाठ: तीन टूलबारपेक्षा बराच.

औसेकर: दोन्ही फोल्डर सापडले.

निवृत्त_गुरुजी: पिकासा२ मध्ये कॉन्टॅक्ट्स आहे का? त्यातली फाइल नोटपॅडमध्ये उघडा, काही बदलू नका. नावं दिसतात?

औसेकर: दिसायलेत गुरुजी. आज्जीचं हाय, गल्लीतल्या सगळ्यांची हायत. दुकानदाराला नको म्हणून सांगितलं. १६ जीबीचा पेनड्राइव्ह हाय, पुरंल का?

गोदाकाठ: फोल्डर केवढे आहेत, ते कोण सांगणार?