सातबाऱ्यावर 'खाजगी वने' अशी नोंद: कलम ६ खाली अर्ज करावा की कलम २२-अ खाली?

नमस्कार,

रायगड जिल्ह्यातील सुधागड तालुक्यात आजोबांकडून आलेली सुमारे चार हेक्टर वरकस (डोंगरउताराची, हलकी) जमीन आम्ही भाऊबंद कसतो. तिच्या सातबाऱ्यावर इतर हक्कांत 'खाजगी वने' अशी नोंद असून ती २००६ सालच्या फेरफाराने झालेली आहे. या मे महिन्यात वरच्या पट्टीत काजूच्या कलमांसाठी खड्डे मारत असताना वनरक्षकाने काम थांबवून पंचनामा केला आणि ही जमीन शासनाकडे निहित (म्हणजे कायद्याने शासनाच्या मालकीची) झालेली असल्याचे तोंडी सांगितले.

महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, १९७५ अन्वये ३० ऑगस्ट १९७५ रोजी खाजगी वने शासनाकडे निहित झाली. मात्र कलम ३(२) प्रमाणे कब्जेदाराची किंवा कुळाची जी जमीन त्या दिवशी कायदेशीररीत्या लागवडीखाली होती आणि कमाल धारणेच्या मर्यादेत होती, ती यातून वगळलेली आहे. आमची खरी अडचण इथेच आहे. त्या वर्षीच्या पीकपाहणीत एका हिश्श्याला नाचणी आणि वरी लिहिली आहे, तर उरलेल्याला 'गवत पड'. वरकस जमिनीवर दोन-तीन वर्षे पीक घेऊन ती पुढे काही वर्षे पड टाकायची, ही कोकणातली जुनीच रीत. त्यामुळे पड टाकलेला तुकडा लागवडीखाली नव्हता असे म्हणणे मला तरी न्याय्य वाटत नाही. बांधावरचे ऐन आणि किंजळ हे वृक्ष भाताच्या राबासाठी (रोपांची जागा भाजण्यासाठी) पालेदार फांद्यांचा टहाळ मिळावा म्हणून राखलेले आहेत, पण पंचनाम्यात नेमके तेच 'नैसर्गिक वन' म्हणून नोंदवले गेले.

दुसरा मुद्दा नोटिशीचा. फेरफारात भारतीय वन अधिनियम, १९२७ च्या कलम ३५(३) खालील, म्हणजे वनाचे निर्बंध घालण्यापूर्वी मालकाला द्यायच्या, १९६० च्या दशकातील नोटिशीचा उल्लेख आहे, परंतु ती आजोबांना बजावल्याची पोच आम्हाला दाखवण्यात आलेली नाही. गोदरेज अँड बॉइस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ३० जानेवारी २०१४ रोजी असा निर्णय दिला की नोटीस नुसती काढून भागत नाही, ती मालकावर बजावलेली असली पाहिजे, आणि वर्षानुवर्षे कार्यवाहीविना पडून राहिलेल्या नोटिशीच्या आधारे जमीन खाजगी वन ठरत नाही. त्याच निर्णयाने चिंतामणी वेलकर प्रकरणातील, नोटीस काढली एवढेच पुरेसे आहे हे आधीचे मत रद्द ठरवले.

आता पेच असा आहे. जमीन मुळात खाजगी वन आहे की नाही, हा प्रश्न १९७५ च्या अधिनियमाच्या कलम ६ खाली जिल्हाधिकाऱ्यांपुढे नेता येतो. उलट, संपादनामुळे ज्याची एकूण धारणा १२ हेक्टरांपेक्षा कमी झाली त्याला तेवढ्या मर्यादेपर्यंत जमीन परत देण्याची तरतूद त्याच अधिनियमाच्या कलम २२-अ मध्ये आहे, आणि आमची सगळी जमीन मिळूनही १२ हेक्टर भरत नाही. परंतु २२-अ खाली अर्ज केला म्हणजे जमीन निहित झाल्याचे आम्हीच कबूल केले, असा अर्थ पुढे काढला जाईल का? मूळ हरकत कायम ठेवून, पर्यायी मागणी म्हणून एकाच अर्जात दोन्ही मांडता येते का? कोणी असा अर्ज प्रत्यक्ष चालवला असल्यास त्याची मांडणी कशी केली, ते कृपया सांगावे.

गावातील काहींनी २००६ च्या वनहक्क कायद्याखाली दावा टाकण्याचे सुचवले. आम्ही अनुसूचित जमातीचे नाही, आणि स्वतःच्या मालकीच्या जमिनीला वनजमीन म्हणून दावा करणे मला पटत नाही, म्हणून तो मार्ग सध्या बाजूला ठेवला आहे.

याखेरीज दोन गोष्टी विचारायच्या आहेत. फेरफाराविरुद्ध महसूल संहितेच्या कलम २४७ खाली प्रांतांकडे अपील करायचे तर इतक्या वर्षांचा विलंब माफ होण्याची शक्यता किती, की कलम ६ चा निर्णय आल्यावर फेरफार आपोआप दुरुस्त करून मिळतो? आणि नोटिशीच्या बजावणीचा पुरावा माहिती अधिकारात मागताना अर्ज उपवनसंरक्षकांकडे करावा की भूमी अभिलेख खात्याकडे? जुने सातबारे, फेरफाराची नक्कल आणि पंचनाम्याची प्रत माझ्याजवळ आहे. यातला कोणता मजकूर पाहणे उपयोगी पडेल ते सांगितल्यास नावे झाकून इथेच टंकून देतो.