‘चरित्र अभिनेत्री’ की आणखी काही?

जोन हिक्सन यांच्यावर टिपण लिहिताना ‘ज्येष्ठ ब्रिटिश चरित्र अभिनेत्री’ असं लिहिलं. आईने वाचून विचारलं, “कुणाच्या चरित्रात काम केलं हिने?” दुसरा शब्द सुचवाल का?

— आईंचा प्रश्न अगदी रास्त आहे. हा शब्द हिंदीतून जसाच्या तसा आलाय. हिंदीत चरित्र म्हणजे नाटक-सिनेमातलं पात्रसुद्धा; म्हणून नायिका नव्हे, तर इतर छोटी-मोठी पात्रं रंगवणारी ती ‘चरित्र अभिनेत्री’. आपल्याकडे चरित्र म्हटलं की गुरुचरित्र, शिवचरित्र. त्यावरूनच ‘चरित्रपट’ झाला. वागणुकीबद्दल बोलायचं तर चारित्र्य. पात्र कुठेच नाही.

‘दुय्यम अभिनेत्री’, ‘सहायक अभिनेत्री’ हे पर्याय तर मला मुळीच पटत नाहीत. त्यांतून क्रम कळतो, अभिनयाची जात कळत नाही. हिक्सनबाई 1934 पासून सिनेमात. ‘कॅरी ऑन’ या विनोदी सिनेमांत त्यांनी नर्स, मेट्रन अशा छोट्या भूमिका केल्या. 1961च्या ‘मर्डर शी सेड’ सिनेमात मिस मार्पल, म्हणजे अगाथा ख्रिस्तीच्या कादंबऱ्यांतली गुन्हे उकलणारी म्हातारी, होत्या मार्गारेट रदरफर्ड, आणि त्याच सिनेमात घरकामाला राबणाऱ्या मिसेस किडर होत्या हिक्सन! पुढे 1984मध्ये बीबीसीने मिस मार्पल त्यांनाच दिली. वय 78. 1992पर्यंत मार्पलच्या बाराही कादंबऱ्या त्यांनी केल्या. रदरफर्डबाई दणदणीत, खोलीत शिरल्या की खोली भरून जायची. हिक्सन कोपऱ्यात विणत बसलेल्या, आवाज खालच्या पट्टीत, नजर मात्र समोरच्यावरून हलत नाही. पन्नास वर्षं कोपऱ्यातल्या बायका केल्यावरच असं बसता येतं, असं मला मनापासून वाटतं. यात दुय्यम काय आहे?

— ताई, सगळं मान्य. पण पेपरात ‘चरित्र अभिनेत्री’ सर्रास येतो, रुळलाय तो.

— रुळलाय खरा, पण आईंना अडखळायला झालंच ना! मी ‘व्यक्तिरेखा’ धरून लिहीन: ‘छोट्या व्यक्तिरेखा जिवंत करणाऱ्या अभिनेत्री’. लांब आहे, पण अर्थाला घोटाळा नाही.

आणि आपल्या नाटकवाल्यांचा जुना शब्द विसरू नका: काम. “तिचं काम बघितलंस?” म्हणताना भूमिका पाच मिनिटांची की तीन अंकांची, हे कुणी विचारत नाही. हिक्सनबाईंनी मिसेस किडरचं काम केलं, मार्पलचंही केलं. टिपणात असंच लिहा, आईंना लगेच कळेल.