हम्मुराबीचा काळ प्रत्येक पुस्तकात वेगळा का दिसतो?

प्रश्न – सनावळीप्रेमी

बॅबिलोनचा राजा हम्मुराबी याची राजवट एका ग्रंथात इ.स.पू. १७९२ ते १७५० अशी, तर दुसऱ्यात १७२८ ते १६८६ अशी दिली आहे. छपाईची चूक म्हणावी, तर दोन्ही टोकांना फरक नेमका ६४ वर्षांचाच पडतो. नावांचेही तेच: कुठे हम्मुराबी, कुठे हम्मुरापी; बॅबिलोनच्याच नंतरच्या एका राजाचे नाव कुठे नेबुकदनेझर, कुठे नेबुकद्रेझर. प्रमाण कशाला मानावे?

उत्तर – मृत्तिका

फरक दोन्ही टोकांना सारखाच आहे, यातच सारी गोम आहे. बॅबिलोनच्या पहिल्या घराण्यातील राजांचा क्रम आणि प्रत्येकाची कारकीर्द बरीचशी पक्की आहे. कारण त्या काळी प्रत्येक वर्षाला एखाद्या घटनेवरून नाव दिले जाई आणि लेखनिक त्या नावांच्या याद्या मातीच्या पाट्यांवर लिहून ठेवत. हम्मुराबीचे ३१वे वर्ष लार्साच्या रिम-सिनवरील विजयाच्या नावाने ओळखले जाते. (ही नावे प्रभव, विभव यांसारखी चक्राने परत येणारी नव्हेत, त्यामुळे यादी हरवली की वर्षाचा क्रमही हरवतो.) हम्मुराबीच्या पहिल्या वर्षापासून अनातोलियातील (आजच्या तुर्कस्तानातील) हित्ती लोकांनी बॅबिलोन लुटेपर्यंत १९७ वर्षे होतात, मग कोणतीही कालगणना घ्या: १७९२ मधून १५९५ वजा करा किंवा १७२८ मधून १५३१. साखळी शाबूत आहे. ती आपल्या सनांच्या कोणत्या खुंटीला अडकवायची, एवढाच वाद आहे.

ही खुंटी अम्मिसदुका या त्याच घराण्यातील नंतरच्या राजाच्या काळातील शुक्राच्या उदयास्तांच्या नोंदींत शोधली जाते. त्यांतील एका वर्षाला 'सुवर्ण सिंहासनाचे वर्ष' म्हटले आहे आणि ते या राजाचे ८वे वर्ष ठरते. पण चांद्र तिथींच्या हिशोबात शुक्राची तीच स्थिती साधारण ५६ किंवा ६४ वर्षांनी पुन्हा येते, म्हणून एकाच नोंदीला अनेक काळ जुळतात. त्यातूनच दीर्घ (हम्मुराबीची राजवट १८४८ पासून), मध्यम (१७९२ पासून) आणि लघु (१७२८ पासून) अशा कालगणना निघाल्या. त्यातच या नोंदी नंतरच्या नकलांतून हाती आल्या असल्याने त्यांत चुकाही आहेत. अनातोलियातील जुन्या लाकडांच्या वार्षिक वलयांचा पुरावा मध्यम गणनेच्या किंवा तिच्याहून ८ वर्षे अलीकडच्या गणनेच्या बाजूने झुकतो. माझ्या मते मध्यम गणना वापरावी, मात्र ती वापरली आहे असे स्पष्ट लिहावे.

उत्तर – नाममीमांसक

नावांबाबत थोडे. बॅबिलोनच्या अक्कादी भाषेत नेबुकद्रेझरचे मूळ रूप नबू-कुदुर्री-उसुर, म्हणजे 'हे नबू (देवा), माझ्या वारसाचे रक्षण कर'. 'नेबुकद्रेझर' या मूळ उच्चाराच्या अधिक जवळ आहे, तर 'र'च्या जागी 'न' असलेले रूप हिब्रू बायबलमधून रूढ झाले. हम्मुराबीचे नाव अमोरी भाषेतले. त्याचा शेवट 'रापी', म्हणजे 'बरे करणारा', असा वाचणारे 'प' लिहितात. पुढच्या एका यादीकाराने तर या परक्या नावाचे अक्कादीत भाषांतरच करून ठेवले! खरा घोटाळा दुहेरी नावांचा आहे: बॅबिलोनच्या एका राजयादीतला पुलू म्हणजे अश्शूरचा राजा तिसरा तिग्लथ-पिलेसर, हे ध्यानात न आल्यास एका राजाचे दोन होतात.

सनावळीप्रेमी

आभारी आहे. नेबुकद्रेझरच्या राज्यारंभाचे सन कुठे ६०५, कुठे ६०४ दिसते. हाही शुक्राचाच खेळ का?

उत्तर – मृत्तिका

नाही. इ.स.पू. ७४७ मधील बॅबिलोनचा राजा नबू-नासिर याच्यापासून पुढे ग्रहणांच्या आणि ग्रीक ज्योतिर्विद टॉलेमीच्या राजयादीच्या आधारे काळ निश्चित होतो. नेबुकद्रेझर ६०५ मध्ये गादीवर आला. परंतु उरलेले महिने 'राज्यारोहणाचे वर्ष' म्हणून वेगळे धरत आणि पहिले वर्ष पुढच्या निसान या वर्षाच्या पहिल्या महिन्यापासून, म्हणजे ६०४ च्या वसंतापासून, मोजत. दोन्ही सने बरोबर आहेत.